वंशाचा वाटा, वर्गाचा वाटा

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



अठराव्या शतकात मेक्सिकोमध्ये एक चमत्कारिक चित्रप्रकार भरभराटीला आला होता. बहुधा सोळा चित्रांची एक मालिका. प्रत्येक चित्रात एक पुरुष, एक स्त्री आणि त्यांचे मूल. पहिल्या चित्रात स्पॅनिश बाप, मूळनिवासी आई आणि त्यांचे 'मेस्तिसो' अपत्य. पुढे मेस्तिसो आणि स्पॅनिश यांच्यापासून झालेले 'कास्तिसो'. त्यापुढे आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्यांची संतती. प्रत्येक मिश्रणाला स्वतंत्र नाव दिलेले, आणि मालिका जसजशी पुढे सरकते तसतसे अंगावरचे रेशीम जाऊन तिथे जाडेभरडे कपडे आणि चिंध्या येतात. या चित्रांना 'कास्ता' चित्रे म्हणतात. पोर्तुगीज दर्यावर्दी हाच शब्द घेऊन आपल्या पश्चिम किनाऱ्यावर उतरले, येथील जातिव्यवस्थेला त्यांनी तेच नाव दिले, आणि त्यावरून इंग्रजीतील 'कास्ट' हा शब्द सिद्ध झाला. आपली जात आणि मेक्सिकोतील ती चित्रे शब्दाच्या नात्याने अशी भाऊबंद आहेत.

कोणाच्या अंगात युरोपीय रक्ताचा वाटा किती, हे ठरविण्यास त्या चित्रकारांपाशी कातडीच्या रंगाखेरीज आणि कुजबुजीखेरीज दुसरे साधन नव्हते. आज ते साधन आहे. रक्ताच्या किंवा लाळेच्या थेंबातून डीएनए काढून त्यातील निवडक खुणा तपासल्या, तर एखाद्या स्त्रीच्या पूर्वजांपैकी युरोपातून किती, आफ्रिकेतून किती आणि अमेरिकेच्या मूळ रहिवाशांतून किती आले, याचा बऱ्यापैकी बिनचूक अंदाज करता येतो. आणि या मोजणीतून गेल्या काही वर्षांत असे निष्पन्न झाले आहे की, लॅटिन अमेरिकी वंशाच्या स्त्रियांमध्ये युरोपीय पूर्वजांचा वाटा जितका अधिक, तितका स्तनांच्या कर्करोगाचा धोका अधिक. कास्ता चित्रांत जो वाटा रेशमाचा मानला गेला, तोच येथे रोगाचा ठरला. हा केवळ दैवाचा विनोद म्हणून सोडून देता येत नाही. एका आकड्यात शरीर आणि इतिहास कसे एकमेकांत गुंतलेले असतात, आणि ते सोडविताना राजकीय कार्यकर्त्याची कोठे फसगत होते, हे या उदाहरणातून जितके स्वच्छ दिसते तितके क्वचितच दिसते.

प्रथम 'लॅटिना' या शब्दाविषयी. हे वंशाचे नाव नव्हे. अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांनी १९७६ साली कायदा करून स्पॅनिश भाषक देशांतून आलेल्या व त्या मूळच्या लोकांची स्वतंत्र आकडेवारी ठेवण्यास आरंभ केला, आणि १९८० च्या शिरगणतीत तसा प्रश्न प्रत्येक घराला विचारण्यात आला. म्हणजे ही एक सरकारी रकाना भरण्याची सोय आहे. त्या एका रकान्यात पेरूमधील अँडीज पर्वतातून आलेली स्त्री बसते, जिच्या पूर्वजांपैकी सुमारे तीन-चतुर्थांश मूळनिवासी असण्याचा संभव असतो. आणि पोर्तो रिकोची स्त्रीही बसते, जिच्यात युरोपीय वाटा मोठा आणि आफ्रिकी वाटाही लक्षणीय असतो. आपल्याकडे 'इतर' या रकान्यात जसे कोणीही कोंबता येते, तसाच हा प्रकार. त्या रकान्याची सरासरी काढून निष्कर्ष काढणारे अनेक शोधनिबंध पूर्वी छापले गेले. त्यांचा उपयोग बेताचाच म्हणावा लागेल.

तथापि त्या सरासरीनेच पहिले कोडे घातले. अमेरिकेतील लॅटिना स्त्रियांना स्तनांचा कर्करोग गोऱ्या स्त्रियांपेक्षा बराच कमी होतो. गरीब, विम्यावाचून राहणाऱ्या, डॉक्टरकडे उशिरा जाणाऱ्या या स्त्रियांना हा रोग कमी का व्हावा? त्याचे पहिले उत्तर समाजशास्त्राने दिले आणि ते खोटे नव्हते. पहिले मूल लहान वयात होणे, मुले अधिक असणे, प्रत्येकाला दीर्घकाळ अंगावर पाजणे, या गोष्टींनी धोका घटतो. उशिरा मातृत्व, मद्यपान, पाळी गेल्यानंतर घेतलेली संप्रेरकांची औषधे आणि त्या वयातील स्थूलता यांनी तो वाढतो. २००५ साली एस्थर जॉन व त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखविले की, परदेशात जन्मून कॅलिफोर्नियात आलेल्या लॅटिना स्त्रियांचा धोका अमेरिकेतच जन्मलेल्या लॅटिना स्त्रियांच्या निम्म्याच्या आसपास असतो, आणि स्थलांतर जितक्या लहान वयात झाले असेल व मुक्काम जितका लांबला असेल, तितका तो वाढत जातो. विमानात बसल्याने कोणाची जनुके बदलत नाहीत. तेव्हा राहणीचा भाग मोठा आहे, यात शंका उरली नाही.

मुंबईला हे तर्कशास्त्र नवे नव्हते. १९६३ साली डॉ. डी. जे. जस्सावाला यांच्या पुढाकाराने येथे देशातील पहिली लोकसंख्याधिष्ठित कर्करोग नोंदणी सुरू झाली, आणि पारशी स्त्रियांत स्तनांच्या कर्करोगाचे प्रमाण शहरातील अन्य समाजांपेक्षा पुष्कळ अधिक असल्याचे त्या नोंदींतून पुढे आले. सहस्र वर्षे आपापसांत विवाह करणारा समाज म्हणून रक्ताकडे बोट दाखविणे सोपे होते. पण हाच समाज सर्वांत आधी शिकला, त्याच्या मुलींची लग्ने सर्वांत उशिरा झाली आणि त्यांना मुले सर्वांत कमी झाली. रक्त आणि राहणी एकाच पालखीतून मिरवत असतील, तर खांदा कोणाचा दुखतो हे बाहेरून कसे सांगावे?

ते सांगण्याचा पहिला नेटका प्रयत्न २००८ साली झाला. लॉरा फेहेरमान, एलाड झीव्ह, एस्थर जॉन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सॅन फ्रान्सिस्को उपसागराच्या परिसरातील ४४० रुग्ण लॅटिना स्त्रिया आणि हा रोग नसलेल्या ५९७ लॅटिना स्त्रिया यांच्या डीएनएमधील १०६ खुणा तपासल्या. येथे तुलना लॅटिना आणि गोऱ्या अशी नाही; एकाच रकान्यातील स्त्रियांची एकमेकींशी आहे, हे ध्यानात घेतले पाहिजे. निष्कर्ष असा आला की, युरोपीय पूर्वजांचा वाटा २५ टक्क्यांनी वाढला की रोगाची शक्यता १.७९ पट होते.

येथवर वाचून जो थांबेल तो 'रक्तातच आहे' असे म्हणेल, आणि तो चुकेल. कारण कास्ता चित्रांतील रेशीम केवळ चित्रात नव्हते. तीनशे वर्षांच्या स्पॅनिश राजवटीत जमीन, खाणी, पदे आणि शिक्षण ही युरोपीय रक्ताच्या वाट्याबरोबर वाटली गेली. स्वातंत्र्य आले, गुलामगिरी गेली, तरी तो वाटपाचा आराखडा पुष्कळसा तसाच राहिला. त्यामुळे आजही ज्या स्त्रीच्या अंगात युरोपीय वाटा अधिक, ती अधिक शिकलेली, अधिक खाऊनपिऊन असलेली, कमी मुलांची असण्याचा संभव अधिक. अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याला हे दुखणे परिचयाचे आहे: दोन कारणे जोडीने चालत असतील, तर एकाच्या नावावर दुसऱ्याचे कर्तृत्व जमा होते. डीएनएच्या त्या १०६ खुणा वंश मोजत होत्या हे खरे. पण वंशाच्या आडून त्या वर्गही मोजत होत्या.

म्हणून संशोधकांनी दुसरे गणित मांडले. अपत्यसंख्या, स्तनपान, जन्मस्थान इत्यादी ज्ञात गोष्टी समान धरून वंशाचा परिणाम पुन्हा काढला, तेव्हा तो १.७९ वरून १.३९ वर उतरला. वाढीव धोक्याचा जवळजवळ निम्मा भाग अशा रीतीने गळून पडला. तो वर्गाचा आणि राहणीचा वाटा होता, वंशाच्या नावावर चढलेला. दोन वर्षांनी, २०१० साली, मेक्सिकोतच ८४६ रुग्ण आणि १,०३५ निरोगी स्त्रियांची पाहणी प्रसिद्ध झाली. तेथे अशीच वजाबाकी करून दर २५ टक्क्यांमागे २० टक्के वाढ उरली. आकडा आणखी खाली आला, पण शून्य झाला नाही.

हा जो उरलेला भाग, त्याने डाव्या विचाराच्या लोकांना अस्वस्थ करण्याचे कारण नव्हते, पण केले. जनुक म्हटले की वंशश्रेष्ठत्वाच्या गोष्टी आठवतात, आणि उरलेला भागही कोठल्या तरी न मोजलेल्या सामाजिक कारणाचाच असला पाहिजे, असे मानण्याचा मोह होतो. तर्कदृष्ट्या ते अशक्य नव्हते. मुलांची संख्या मोजता येते, बालपणीची उपासमार प्रश्नावलीत तितकीशी उतरत नाही. परंतु पुरावा येण्याआधीच उत्तर ठरवून ठेवणे निराळे. सोव्हिएत संघात लायसेन्कोने १९४८ साली मेंडेलच्या आनुवंशिकतेला सरकारी हुकमाने हद्दपार केले. त्याआधी पाच वर्षे, १९४३ साली, निकोलाय वाव्हिलोव्ह हा जगातील एक श्रेष्ठ वनस्पतिशास्त्रज्ञ सारातोव्हच्या तुरुंगात मेला होता. ज्यांनी समाजवादाला लोकशाहीची जोड अनिवार्य मानली, त्यांना तरी हा धडा पुन्हा द्यावा लागू नये.

पुरावा २०१४ साली आला. फेहेरमान आणि झीव्ह यांच्याच गटाने लॅटिना स्त्रियांच्या संपूर्ण जनुकसंचाची झडती घेतली, तेव्हा सहाव्या गुणसूत्रावर, इस्ट्रोजेन या संप्रेरकाचा संदेश झेलणाऱ्या प्रथिनाच्या जनुकाशेजारी, एका अक्षराचा फरक सापडला. तो फरक ज्या स्त्रीला एका पालकाकडून मिळाला तिचा धोका सुमारे ४० टक्क्यांनी कमी. ज्या थोड्या स्त्रियांना दोघांकडून मिळाला त्यांचा सुमारे ८० टक्क्यांनी कमी. ज्या प्रकारच्या कर्करोगावर संप्रेरकविरोधी औषधे चालत नाहीत, त्या अधिक उग्र प्रकारापासून तर हे संरक्षण अधिकच भक्कम. अमेरिकेतील लॅटिना स्त्रियांपैकी सुमारे २० टक्के स्त्रियांत याची एक प्रत असते आणि एका टक्क्याच्या आसपास स्त्रियांत दोन. आणि हा फरक मूळनिवासी पूर्वजांकडून आलेला आहे. युरोपातील लोकसंख्येत तो जवळजवळ आढळतच नाही.

प्रश्नाची मांडणी यामुळे उलटी झाली, ही गोष्ट बारकाईने पाहण्यासारखी आहे. 'युरोपीय वंशामुळे धोका वाढतो' हे वाक्य तोवर सर्वांच्या तोंडी होते. वस्तुतः निदान काही अंशी म्हणावयाचे होते ते असे की, मूळनिवासी पूर्वजांच्या वारशात एक संरक्षण आहे. ज्यांची जमीन, भाषा आणि देव काढून घेतले गेले, त्यांच्याकडून एवढी एक गोष्ट नातींपर्यंत पोहोचली. मग ती इतक्या उशिरा का सापडली? कारण कोणी तेथे शोधत नव्हते. २०१६ साली अॅलिस पोपजॉय आणि स्टेफनी फुलर्टन यांनी अशा जनुकीय झडत्यांतील सहभागी माणसांचा हिशेब मांडला, त्यात ८१ टक्के युरोपीय वंशाचे होते आणि लॅटिन अमेरिकी अर्धा टक्का. जो फरक युरोपीय लोकांत नाही तो त्यांच्यात शोधून सापडणार कसा? संशोधनाचे भांडवल जेथे एकवटते तेथेच ज्ञानही एकवटते, हे एरवी आपण कारखान्यांबद्दल बोलतो तेच.

अर्थात पूर्वजांनी दिलेले सर्वच असे हितकर नसते. कोलोरॅडो राज्याच्या दक्षिणेस सॅन लुईस खोरे आहे. स्वतःला पिढ्यान्‌पिढ्या स्पॅनिश कॅथलिक समजणारी कुटुंबे तेथे राहतात. त्यांपैकी काही कुटुंबांत स्त्रिया तरुणपणीच या रोगाने जात. २००३ साली त्यांच्यात बीआरसीए-१ या जनुकातील जो दोष आढळला, तो पूर्व युरोपातील ज्यू समाजात प्रसिद्ध असलेलाच होता. १४९२ साली स्पेनने ज्यूंना धर्मांतर किंवा देशत्याग यांतून निवड करावयास लावली. बाप्तिस्मा घेऊन राहिलेल्यांपैकी काही पुढे समुद्र ओलांडून मेक्सिकोत आणि तेथून उत्तरेस सरकले, असाच याचा अर्थ लावला जातो. स्पेनच्या राज्यात 'रक्ताची शुद्धता' सिद्ध केल्याशिवाय पद मिळत नसे. शुद्धतेची कागदपत्रे मिळविणाऱ्यांच्या नातवंडांनी पाचशे वर्षांनी रक्त तपासून घेतले, तेव्हा ते असे बोलले.

बीआरसीए-१ सतराव्या गुणसूत्रावर आहे, हे १९९० साली मेरी-क्लेअर किंग यांनी बर्कलेत, म्हणजे त्याच सॅन फ्रान्सिस्को उपसागराच्या काठी, दाखविले होते. १९९४ साली ते जनुक प्रत्यक्ष हाती आले. त्या कामात अमेरिकी सरकारच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थांतील शास्त्रज्ञांचा सहभाग होता. पण पेटंटाचा लाभ मिरियड या कंपनीने उचलला. पुढे त्या तपासणीची किंमत तीन हजार डॉलरांवर गेली आणि दुसऱ्या प्रयोगशाळेला ती करण्याची मुभा राहिली नाही. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १३ जून २०१३ रोजी एकमताने निर्णय दिला की, निसर्गात असलेले जनुक केवळ वेगळे काढले म्हणून त्यावर पेटंट घेता येत नाही. आणि त्याच दिवशी इतर प्रयोगशाळांनी स्वस्त तपासणी जाहीर केली. दरम्यान जी वर्षे गेली, त्यांत शेतावर आणि हॉटेलांच्या मोऱ्यांत राबणाऱ्या किती लॅटिना स्त्रियांना तीन हजार डॉलर खर्चून ही तपासणी करून घेणे शक्य होते, हे सांगावयास नको.

आतापर्यंतची कथा रोग होण्याची. रोगाने मरण्याची कथा उलट दिशेने जाते. २०१३ साली याच संशोधकांनी स्तनांचा कर्करोग झालेल्या ८९९ लॅटिना स्त्रियांचा पुढील काळ तपासला. मूळनिवासी वाटा ज्यांच्यात अधिक, त्या या रोगाने अधिक मरण पावल्या. रोग कमी जणींना होतो, पण ज्यांना होतो त्यांच्यातील अधिक जणी जातात. गाठीचे स्वरूप, सामाजिक स्थिती, उपचारांची जेवढी माहिती उपलब्ध होती तेवढी, हे सारे हिशेबात धरूनही ही तफावत नाहीशी झाली नाही. 'उपलब्ध होती तेवढी' हे शब्द महत्त्वाचे आहेत. शस्त्रक्रिया झाली एवढे नोंदवहीत सापडते. रोजगार बुडेल म्हणून बाईने तिसऱ्या खेपेचे औषध टाळले, हे तितक्या सहज सापडत नाही.

तरीही येथे पुन्हा शरीराचाही वाटा निघाला. लिमा येथील पेरूच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेतील १,३१२ रुग्ण स्त्रियांची पाहणी २०२० साली प्रसिद्ध झाली. मूळनिवासी वाट्यातील दर १० टक्के वाढीमागे गाठ 'हर-टू' प्रकारची असण्याची शक्यता १.२० पट होत गेली, आणि मेक्सिको व कोलंबियातील रुग्णांतही तोच कल दिसला. हा प्रकार झपाट्याने फैलावणारा आहे. रोग होण्यापासून काहीसे संरक्षण देणारा वारसा आणि झालाच तर तो अधिक उग्र असण्याकडे झुकणारा वारसा, दोन्ही एकाच आजीकडून. निसर्गाला आपल्या घोषणांशी जुळवून घेण्याची गरज वाटत नाही.

पण हर-टू प्रकाराची दुसरी बाजू अशी की, त्यावर नेमके औषध आहे. ट्रास्टुझुमॅब हे त्याचे नाव. जेनेन्टेक कंपनीने ते दक्षिण सॅन फ्रान्सिस्कोत विकसित केले आणि १९९८ साली अमेरिकेत त्याला मान्यता मिळाली. एका गावाला रोग आणि दुसऱ्या गावाला औषध, असा प्रकार येथे नव्हता. फेहेरमान यांच्या पाहणीतील स्त्रिया राहत होत्या त्याच उपसागराच्या काठी ते तयार होत होते. मध्ये होती ती किंमत. अँडीजमधील ज्या स्त्रीला या औषधाची गरज लागण्याचा संभव वंशामुळे अधिक, तिलाच ते मिळण्याचा संभव वर्गामुळे सर्वांत कमी. जागतिक आरोग्य संघटनेने ते आवश्यक औषधांच्या यादीत घातले ते २०१५ साली, म्हणजे सतरा वर्षांनी.

या किमतीच्या लढाईत आपल्या देशाचाही भाग आहे. स्त्रियांच्या व रुग्णांच्या हक्कांसाठी काम करणाऱ्यांनी २०१२ पासून येथे या औषधासाठी मोहीम चालविली; २०१३ साली रोश कंपनीने भारतातील पेटंटाचा पाठपुरावा सोडला; आणि २०१४ च्या आरंभी बेंगळुरूच्या बायोकॉनने त्याच धर्तीचे औषध कमी किमतीत बाजारात आणले. २०१७ साली त्याला अमेरिकेतही मान्यता मिळाली. बायोकॉन ही काही धर्मादाय संस्था नव्हे आणि आपल्याकडील खेड्यातील बाईलाही ही किंमत झेपणारी नव्हती, हे विसरून टाळ्या वाजविण्याचे कारण नाही. तथापि मक्तेदारीला एकदा भगदाड पडले की किमती कोणत्या बाजूला जातात, ते दिसले.

किमतीहून मोठा प्रश्न ती कोणी भरावयाची हा. मेक्सिकोत नोकरदारांना सामाजिक विमा होता. शेतमजूर, फेरीवाले, घरकाम करणाऱ्या स्त्रिया यांना नव्हता. त्यांच्यासाठी २००४ पासून 'सेगुरो पोपुलार' ही सरकारी विमायोजना अमलात आली, आणि २००७ साली स्तनांच्या कर्करोगाचा संपूर्ण उपचार, ट्रास्टुझुमॅबसह, तिच्यात समाविष्ट झाला. मेक्सिको शहरातील राष्ट्रीय कर्करोग संस्थेत २००५ साली निदान झालेल्या स्त्रियांपैकी सुमारे एक-तृतीयांश स्त्रिया उपचार अर्ध्यावर सोडून जात होत्या. २०१० साली हे प्रमाण एका टक्क्याच्या आसपास आले. या पाच वर्षांत त्या स्त्रियांच्या अंगातील युरोपीय, आफ्रिकी आणि मूळनिवासी वाटे होते तसेच होते. उपचार सोडून जाण्याला मूळनिवासी स्त्रियांचे अज्ञान, दैववाद, वैदूंवरील विश्वास अशी जी कारणे शहरी वर्तुळांत सांगितली जात, ती पाच वर्षांत कशी काय नाहीशी झाली, याचा खुलासा कोणी केल्याचे ऐकिवात नाही.

त्या योजनेत दोष होते. राज्याराज्यांत पैशाची गळती झाली, अनेक आजार तिच्या यादीबाहेर राहिले, आणि मेक्सिकोतील डाव्यांनीच तिच्यावर टीका केली की, हा हक्क नव्हे, विम्याचे ठिगळ आहे. ती टीका अगदीच निराधार नव्हती. आंद्रेस मानुएल लोपेस ओब्रादोर यांच्या सरकारने १ जानेवारी २०२० पासून ही योजना बंद करून सर्वांना मोफत उपचार देण्यासाठी नवी संस्था स्थापन केली. ती संस्थाही २०२३ साली विसर्जित होऊन तिचे काम दुसऱ्या यंत्रणेकडे सोपविण्यात आले. मधल्या काळात कर्करोगाच्या औषधांचा तुटवडा पडला, आणि मुलांच्या कर्करोगावरील औषधांसाठी आईबाप मेक्सिको शहराच्या विमानतळाकडे जाणारे रस्ते अडवून बसले. हक्काची भाषा विम्याच्या भाषेहून उंच होती. गोदामात औषध मात्र नव्हते.